उगवती उजव्या हाताला

माझ्या कपाटात नववीच्या जुन्या चाचणीपत्रिकांखाली घडी घातलेला एक आलेखकागद आहे. त्यावर मधोमध दोन रेघा आहेत, एक आडवी, एक उभी, आणि त्या जिथे एकमेकींना छेदतात तिथे मी लिहिलंय, ‘फाटक’. पुस्तकात त्या जागेला आरंभबिंदू म्हणतात. माझ्या कागदावर ते आमच्या घराचं लोखंडी फाटक आहे. बाकी लाल पेनानं काढलेले नऊ ठिपके आहेत. एकेक ठिपका म्हणजे माझे वडील घरातून निघून जिथे सापडले ती जागा.

नवऱ्यानं एकदा तो कागद पाहिला आणि म्हणाला, “तू माणसाचं बी गणित करतं का व?” मला राग आला. तसा मला राग यायला फार काही लागत नाही, शाळेतल्या पोरी मला मागे काय म्हणतात ते मला ठाऊक आहे. पण त्या दिवशी राग आला तो त्याचं म्हणणं खरं होतं म्हणून. वडील हरवत होते आणि मी शंभर पावलांचं एक घर असं प्रमाण धरून ठिपके काढत बसले होते. मला दुसरं काही येत नव्हतं.

बाबा मोजणीच्या कामावर साखळी ओढायचे. वरवट बकालपासून थोडं आत आमचं खेडं. कुठे जमिनीची मोजणी निघाली, दोन भावांत धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, जुंपली, की मोजणीदार साहेब यायचे आणि त्यांच्यासोबत साखळी धरायला बाबा. तेहेतीस फुटांची लोखंडी साखळी असायची. पुढचा माणूस ती ताणून टोकाशी एक लोखंडी खुंटी रोवायचा, मागचा ती खुंटी उपटून हातात घ्यायचा. शेवटी मागच्याच्या हातात जितक्या खुंट्या तितक्या साखळ्या जमीन. बाबा नेहमी मागे असायचे, कारण हिशेब मागच्याच्या हातात असतो. सरळ चालत जायचं, शेताचा कोपरा दिसला की थांबायचं, काटकोनात वळायचं, बांधापर्यंत मोजायचं, परत मूळ रेषेवर यायचं, पुन्हा पुढे. पुढे नववीत बाईंनी फळ्यावर दोन अक्ष काढून बिंदू कसा गाठायचा ते सांगितलं, तेव्हा सगळा वर्ग तोंड आ वासून बघत होता आणि मला कळेना की यात न कळण्यासारखं काय आहे. आधी इतकं सरळ, मग काटकोनात इतकं. हे तर बाबांचं रोजचं काम.

खुंट्यांचा मेळ बसला नाही तर एकच नियम होता. तर्क करायचा नाही, मधूनच दुरुस्ती करायची नाही. सगळं उपटून हद्दीच्या पहिल्या दगडावर परत जायचं आणि पुन्हा सुरुवात करायची. बाबांना आयुष्यात असं परत जावं लागलं नाही, निदान ते तसं सांगायचे. “माही साखळी कधी चुकली नाही,” हे वाक्य मी हजार वेळा ऐकलं असेल. गावात ज्यांच्या आजोबांनी आमच्या वस्तीतल्या माणसाच्या हातचं पाणी घेतलं नव्हतं, ती माणसं बाबांच्या हातची मोजणी निमूट घ्यायची. भांडणारे दोघेही म्हणायचे, यानं ओढली का, मग बरोबर. आई त्यावरून त्यांना चिडवायची, “साऱ्या जगाची जमीन मोजली, आपली दीड एकर तशीच राह्यली.” बाबा हसायचे. पण विहारात वंदनेला जाताना ते जरा ताठ चालायचे, आणि ते कशामुळे हे वस्तीतल्या प्रत्येकाला माहीत होतं.

मला त्यांनी दिशा शिकवल्या त्याही शेतात उभं करून. साहेबांकडे होकायंत्र असायचं, बाबांकडे सातपुडा होता. “डोंगर समोर, पूर्णा पाठीमांगं. सांग, उगवती कोणत्या हाताले?” मी उजवा हात वर करायची. खिशातून फुटाणे निघायचे. चार वर्षांची असेन. पुढे कितीतरी वर्षं मी कुठेही गेले तरी आधी डोंगर शोधायची.

लग्न होऊन मी पूर्णा नदीच्या या बाजूला आले. वडनेर भोलजीला, गावाच्या जरा बाहेर आमचं घर, नवऱ्याचं मोटार रिवायंडिंगचं दुकान, आणि जवळच्या शाळेत माझी नोकरी. पहिलं वर्षभर मी दिशांच्या बाबतीत ठार वेडी होते. सासूबाई म्हणायच्या पापड उन्हाच्या अंगाला घाल, तर मी सकाळी नेमके सावलीत घालायची. एकदा पाहुण्यांना बसस्टँडची वाट विचारल्यावर मी त्यांना छातीठोकपणे उलट्या बाजूला धाडलं. सासूबाई हसून म्हणायच्या, “बीएस्सी गणित न् हिले पूर्व सापडत नाही.” मग हळूहळू डोकं जागेवर आलं, आणि आपलं डोकं कधी फिरलं होतं हेही मी विसरून गेले. हे विसरणं मला फार महागात पडलं.

आई गेल्यावर बाबा दोन वर्षं एकटेच राहिले. मग चुलीवर भाकर ठेवून विसरणं, एकाच दुकानात तीनदा साखर आणणं असं सुरू झालं आणि मी त्यांना इकडे घेऊन आले. यायला तयार नव्हते. पूर्णेच्या पुलावर गाडी आली तेव्हा त्यांनी काचेवर हात ठेवला आणि पाणी दिसेनासं होईपर्यंत मान वळवून पाहत राहिले. मी म्हटलं, “बाबा, दीड तासाची तं वाट आहे. कधीबी जाऊ.” शाळा, पेपर, दुकान, सासूबाईंचं आजारपण आणि मृत्यू. त्यात आम्ही एकदाही गेलो नाही.

इथे आल्यावर महिन्याभरात त्यांचं भलतंच सुरू झालं. सकाळी मी चहा घेऊन गेले की म्हणायचे, “दिवस बुडाला व माय, आता चहा कायले? भाकर वाढ, झोपतो.” समोर ऊन पडलेलं असायचं. पहिल्यांदा मी समजावलं. दुसऱ्यांदा समजावलं. मग शाळेची घाई, डबा, आणि माझा स्वभाव. एका सकाळी ते ओसरीवर उभे राहून सूर्याकडे बघत पुटपुटले, “इकडून काऊन निंगाला हा?” आणि मी हातातला डबा आपटून म्हटलं, “बाबा, सूर्य पूर्वेलेच निंगते! तुमच्यासाठी थो काय दुसरीकडून येईन का?” वर्गात चुकीचं उत्तर देणारी पोर पाहते तसं त्यांनी माझ्याकडे पाहिलं. नंतर ते सूर्याबद्दल काही बोलले नाहीत.

डॉक्टर म्हणाले, या आजारात दिवसरात्रीचा गोंधळ होतोच. गोळ्या दिल्या. खोटं काही सांगितलं नाही त्यांनी.

मग ते बाहेर जायला लागले. पहिल्यांदा वीटभट्टीजवळ सापडले. दुसऱ्यांदा एका तुरीच्या शेतात, धुऱ्यावर बसलेले. तिसऱ्यांदा नाल्याच्या वळणावर. दर वेळी दुपारी जेवून, तीनच्या आसपास, टोपी घालून, मोठ्या कामाला निघाल्यासारखे. मी शाळेत असले की फोन यायचा आणि मी तास सोडून निघायची. हायवे जवळ, ट्रकांची ती सततची घरघर. नवऱ्यानं एक छोटा मोबाइल दोरीला बांधून त्यांच्या गळ्यात अडकवला, म्हणजे निदान फोन लावता येईल. दुसऱ्या दिवशी तो खुंटीला लटकत होता. “मी का ढोर आहो का, घंटी बांधाले?” म्हणाले.

तेव्हा मी तो कागद केला. नऊ ठिपके भरेपर्यंत उन्हाळा आला. प्रत्येक ठिपक्याशी वेळही लिहिली होती. सगळे ठिपके आडव्या रेघेच्या खाली पडले होते, तिसऱ्या आणि चौथ्या चरणात. म्हणजे दक्षिणेला. एकही वर नाही. आणि बाबांचं गाव तर वर, उत्तरेला, पूर्णेपलीकडे. शेजारच्या काकू म्हणायच्या, “गावची ओढ हाय त्याइले.” मी म्हणायची, ओढ असती तर गावाकडे गेले नसते का, हे उलटेच जातात, याला ओढ नाही म्हणत, याला भरकटणं म्हणतात. मी गणित शिकवते. ठिपके ऋण बाजूला म्हणजे माणूस घराच्या उलट दिशेला चाललाय. माझ्या लेखी त्यांच्या चालण्याला अर्थ उरला नव्हता. म्हणून मी फाटकाला कुलूप लावलं.

कुलूप लावणं सोपं नव्हतं, हे सांगायला हवं. ते फाटकाशी बसून कडी हलवत राहायचे. हळू, सभ्यपणे, कुणाच्या घरी आलेल्या पाहुण्यासारखं. “कडी काढ व माय. साहेब वाट पाहून राह्यला. मोजणीले उशीर होऊन राह्यला.” मी आतून ऐकायची. कधी टीव्हीचा आवाज वाढवायची. एकदा बाहेर येऊन म्हटलं, “आज सुट्टी आहे.” अर्ध्या तासानं पुन्हा कडीचा आवाज.

त्या रविवारी वैशाखाचं ऊन होतं. सकाळी बाबा बरेच शुद्धीत वाटले. मला नावानं हाक मारली, हे महिन्यात पहिल्यांदा. पिशवीत धोतर, डबी, आईचा फोटो भरला आणि मला स्पष्ट म्हणाले, “आज मी घरी जातो.” मी म्हटलं, “जाऊ बाबा, सुट्टी लागू द्या.” दुपारी मी काकूंकडून दळणाचा डबा घेऊन आले. दोन्ही हातांत डबा होता, फाटक पायानं लोटलं, डबा ठेवून कुलूप लावू म्हटलं. डबा ठेवला, फोन वाजला, बोर्डाच्या पेपरांचं काहीतरी होतं, मी बोलत बसले. कुलूप माझ्या पदराला किल्लीसकट लटकत होतं. चार वाजता मी त्यांना चहाला उठवायला गेले तर खाट रिकामी, पिशवी नाही, टोपी नाही.

मी काय केलं ते मला नीट लिहायचं आहे, कारण ते मी केलं. नवरा दुकानातून धावत आला, गल्लीतली चारपाच माणसं गोळा झाली, कुणीतरी विचारलं, “कोणीकडे पाहाव, बाई?” आणि मी म्हटलं, “पूर्णेकडे जा. सकाळीच म्हणाले, घरी जातो.” कपाटात नऊ ठिपके होते, सगळे दक्षिणेला, आणि मी सगळ्यांना उत्तरेला पाठवलं. सकाळी ते शुद्धीत होते ना. शुद्धीतला माणूस घरी जाणार म्हणजे घराकडेच जाणार. दोन मोटारसायकली, एक ऑटो आणि माझी स्कूटी, सगळे उत्तरेच्या रस्त्याला. प्रत्येक झाडाखाली पाहिलं, रसवंतीवाल्याला विचारलं, पुलाच्या वाटेवर दोन एसट्या थांबवल्या. डांबर मऊ झालं होतं. साधा कुत्रा रस्त्यावर नव्हता. त्या उन्हात एक म्हातारा माणूस किती वेळ चालू शकतो याचा विचार मी करायचा नाही असं ठरवलं होतं आणि दुसरा कसलाच विचार येत नव्हता.

माझा फोन बंद पडायला आला म्हणून मी घरी परतले. चार्जरला लावला आणि फाटकात उभी राहिले. बाबा रोज जिथे बसायचे त्याच जागी. रडू येत होतं आणि रडायचा रागही येत होता. समोर गल्लीच्या टोकाशी, शेतांच्या पार पलीकडे, घाटाचे डोंगर धुरकट रेघेसारखे दिसत होते. मी रोज ते पाहते आणि पाहत नाही. त्या दिवशी पाहिले. आणि मनात बाबांचा आवाज आला, शेतातला, फुटाण्यांचा. डोंगर समोर, पूर्णा पाठीमागं.

माझा उजवा हात मी खरोखर वर केला. गल्लीतून कुणी पाहिलं असेल तर म्हटलं असेल, बापापाठोपाठ हीही गेली. माझा उजवा हात सूर्याकडे होता. कलत्या, पाच वाजताच्या सूर्याकडे.

आमच्या गावी डोंगर उत्तरेला. इथे डोंगर दक्षिणेला. पूर्णा दोन्हींच्या मधे. तिकडचं पाणी डोंगरातून दक्षिणेला पूर्णेत येतं, इकडचं उत्तरेला. बाबा डोंगराकडे तोंड करून उभे राहायचे, जन्मभर राहिले तसे, आणि त्यांच्यासाठी उजवा हात म्हणजे उगवती. सकाळचा सूर्य त्यांना डाव्या हाताला दिसायचा, म्हणजे बुडताना. म्हणून सकाळी भाकर मागायचे आणि झोपायला निघायचे. दुपारी सूर्य उजव्या हाताला जायचा, म्हणजे त्यांची सकाळ व्हायची, कामाला निघायची वेळ. मग टोपी घालून डोंगराच्या दिशेनं. गाव डोंगराच्या पायथ्याकडे आहे हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. नऊच्या नऊ वेळा ते घरीच निघाले होते. माझं डोकं नवी नवरी असताना वर्षभर अगदी असंच फिरलेलं होतं, पूर्णा ओलांडून आलेल्या माणसाचं फिरतंच, आणि मी त्यांच्यावर डबा आपटला होता.

मी पाण्याची बाटली घेतली, नवऱ्याला फोन करून सांगितलं, “सगळे मांगं फिरा, डोंगराकडे या, नाल्यानं,” आणि स्कूटी दक्षिणेला वळवली.

नाला कोरडा होता. वळणापर्यंत गाडी गेली, पुढे पायी. तिथे वाळूत मला पहिली काडी दिसली. पऱ्हाटीची, सरळ रोवलेली. कापूस निघाल्यावर पऱ्हाट्यांचे ढीग इकडे प्रत्येक शेताच्या कडेला पडलेले असतात. पुढे दुसरी. मी पावलं मोजली. तेरा. पुढे तिसरी, पुन्हा तेरा. माझी तेरा पावलं म्हणजे तेहेतीस फूट. नाल्याच्या वाळूत, डोंगराच्या रोखानं, एका रेषेत काड्या रोवत बाबा गेले होते. जागोजागी नाला वळला तरी रेषा वळली नव्हती, काठ चढून शेतातून गेली होती. सत्त्याहत्तर वर्षांचा माणूस, सकाळी काय खाल्लं ते न आठवणारा, आणि रेषा सुतात. मी काड्या मोजत पळत होते आणि मोठमोठ्यानं रडत होते. ऐकायला कुणीच नव्हतं.

ते एका कडुनिंबाखाली उभे होते. बसलेले नव्हते, उभे. ओठ फुटलेले, टोपीखाली चेहरा तांबडाकाळा. खांद्याला पिशवी, हातात शेवटच्या चारपाच काड्या. मी बाटली तोंडाला लावली, ती त्यांनी घेतली, घटाघटा प्यायले, अंगावर सांडलं. मग सूर्याकडे बोट करून मला विचारलं, “हा वर काऊन चढून नाही राह्यला व? मी निंगालो तेव्हा वर होता. उलटा खाली चालला.”

माझ्याकडे उत्तर होतं. ते मी दिलं नाही. म्हटलं, “चला बाबा, घरी चला.”

“घरीच तं चाललो.” डोंगराकडे हात. “हे काय, आलंच.”

मी हात धरला. त्यांनी सोडवला. पुन्हा धरला, तर त्यांनी मला ढकललं, आणि जोर होता त्या हातात. “कोण व तू? मोजणीत मधात नको येऊ.” ते पुढे निघाले. पाय लटपटत होते. दोन पावलं टाकून थांबले, पुन्हा निघाले. मला दिसत होतं की हा माणूस आता पडेल, आणि पडला तर त्याला उचलून न्यायचं बळ माझ्यात नाही, आणि बाकी सगळे अजून मागे आहेत. त्यांना वळवायचं होतं. ओढून वळत नव्हते, समजावून वळणार नव्हते. त्यांना मागे फिरवणारी एकच गोष्ट जगात होती, आणि ती मला माहीत होती.

मी म्हटलं, “बाबा, साखळी चुकली.”

ते थांबले. “कोणाची?”

“तुमची.”

ते वळले. मला ओळखलं की नाही, सांगता येत नाही. “माही?”

“हो. मेळ नाही बसून राह्यला. पहिल्या दगडावर चाला.”

त्यांनी माझ्या मागे, त्या काड्यांच्या रेषेकडे पाहिलं. मग परत फिरले. नियमच तो होता. पहिली काडी उपटली, हातात घेतली. मग दुसरी. मी मागे चालत होते, पाणी देत होते. सूर्य आता त्यांच्या दुसऱ्या हाताला होता, पण त्यांचं लक्ष तिकडे नव्हतं. ते वाकायचे, उपटायचे, ओठ हलायचे. नाल्याच्या वळणावर पोचलो तेव्हा ऑटो येताना दिसला. बाबांनी शेवटची काडी उपटली, दोन्ही हातांत मावेना असा भारा झाला होता, आणि मला म्हणाले, “ब्याण्णव.”

बरोबर होतं. मी जाताना मोजल्या होत्या, ब्याण्णवच. एकही कमी नाही, एकही जास्त नाही. ते माझ्याकडे बघत होते, बरोबर आहे असं ऐकण्यासाठी, आणि मला भीती वाटली की बरोबर म्हटलं तर ते पुन्हा डोंगराकडे वळतील. मी म्हटलं, “त्र्याण्णव पाह्यजेत, बाबा.”

भारा त्यांनी वाळूत ठेवला. स्वतःहून ऑटोत जाऊन बसले.

सलाइन लागलं, दोन दिवसांत ते बरे झाले. माझं सगळ्यांनी कौतुक केलं. नवरा म्हणाला, डोकं कसं चालवलं व तू. काकूंनी तर गल्लीभर सांगितलं. मी एकदोनदा ऐकून घेतलं आणि मग एका संध्याकाळी काकूंवर अशी ओरडले की त्या आठवडाभर बोलल्या नाहीत. त्यांची काय चूक होती?

कारण बाबा त्यानंतर बाहेर गेलेच नाहीत. आठवड्यानं मी कुलूप काढलं, मुद्दाम फाटक सताड उघडं ठेवलं. ते ओसरीवर बसून राहायचे. टोपी खुंटीला. दुपारी सूर्य उजव्या हाताला गेला तरी उठायचे नाहीत. कधी मी जवळून गेले की हळूच विचारायचे, “कितीनं चुकली होती व?” मी म्हणायची, काही नाही बाबा, बरोबर होती, मीच चुकीचं मोजलं. हे मी किती वेळा सांगितलं असेल. पण त्यांच्या डोक्यातून सगळं पुसलं जात होतं, बायकोचं नाव, माझं नाव, आणि नेमकं तेवढंच पुसलं जात नव्हतं. त्या कागदावर दहावा ठिपका मी काढला नाही.

दिवाळीच्या सुट्टीत मी गाडी सांगितली आणि त्यांना गावी नेलं. पूर्णेवरून जाताना ते झोपले होते. आमच्या घराला कुलूप, अंगणात गवत. मी त्यांना घेऊन थेट शेतात गेले, जिथे मला उभं करायचे तिथे. सकाळचे आठ वाजले असतील. हवा स्वच्छ होती, सातपुडा इतका जवळ दिसत होता की त्यावरची झाडं दिसत होती. त्यांचे दोन्ही खांदे धरून मी त्यांना डोंगराकडे तोंड करून उभं केलं. ऊन त्यांच्या उजव्या गालावर पडलं. इथे सगळं जागच्या जागी होतं, चुकायला काही वावच नव्हता. माझ्या पर्समध्ये फुटाण्यांची पुडी होती.

“बाबा,” मी विचारलं, “डोंगर समोर, पूर्णा पाठीमांगं. सांगा, उगवती कोणत्या हाताले?”

त्यांनी डोंगराकडे पाहिलं. उजवा हात थोडा हलला, मला तो हलताना दिसला. मग त्यांनी दोन्ही हात मागे नेले आणि एकमेकांत घट्ट धरले.

“मले नको विचारू, बाई,” ते म्हणाले. “माही चुकते.”